शेरा : मान्य

पाणीपुरवठा खात्यात त्याचं खरं नाव हजेरीपुस्तकापुरतं होतं. एरवी सगळे त्याला पावआटे म्हणत. ऐकणाऱ्याला ते आडनाव वाटायचं, आणि एकदा तर नव्या कारकुनानं रजेच्या अर्जावर तसंच लिहून टाकलं होतं. कारण साधं होतं. तो चावीवाला होता. रस्त्याखालच्या चेंबरमध्ये शिडीनं उतरायचं, मोठ्या नळावरचा व्हॉल्व्ह चावी लावून उघडायचा आणि वेळ भरली की बंद करायचा, हे त्याचं काम. व्हॉल्व्ह पूर्ण उघडला की तो पाव आटा, म्हणजे चावीचा पाव फेरा, मागे घ्यायचा. टोकाला नेऊन तसाच सोडला तर व्हॉल्व्ह तिथंच धरतो, आणि पुढच्या वेळी चार माणसं घाम गाळतात. हे सगळ्या चावीवाल्यांना ठाऊक असतं. रोज करणारा तो एकटा होता.

त्याच्या वाट्याला एकतीस व्हॉल्व्ह होते. दवाखान्यासमोरचा बावीस आट्यांचा. शाळेमागचा चौदाचा, पण नवव्याला अडायचा. तिथं जोर लावायचा नाही, अर्धा मागे येऊन परत जायचं. हे कुठं लिहिलेलं नव्हतं. सव्वीस वर्षांत ते त्याच्या मनगटात जाऊन बसलं होतं.

घर कामापासून दहा मिनिटांवर. तळमजल्यावर दोन खोल्या. बाहेरच्या खोलीत खिडकीशी लोखंडी पलंग, त्यावर त्याचा थोरला भाऊ. दादाचं कमरेखालचं अंग अठरा वर्षांपूर्वी गेलं होतं. तोही चावीवालाच. बाजारातल्या चेंबरमध्ये उतरला आणि कोंडलेल्या हवेनं शिडीवरच भान हरपून खाली कोसळला. त्या दिवशी दोर धरून वर उभा होता तो धाकटाच. त्यानं एकट्यानं ओढून दादाला वर काढलं. कणा मोडला होता, श्वास चालू होता. डॉक्टर म्हणाले, आणखी तीन-चार मिनिटं खाली राहिला असता तर उपचारांचा प्रश्नच आला नसता. त्यानंतर खात्यानं नियम कडक केला: चेंबरमध्ये एक उतरेल, एक दोर धरून वर राहील. या दोर धरणाऱ्याला कामगार वरचा माणूस म्हणत.

दादाला उचलायचं काम पावआट्यांचं. सकाळी कामाला निघण्याआधी, दहाच्या सुट्टीत, दुपारी आल्यावर आणि झोपण्याआधी. एक हात गुडघ्यांखाली, एक पाठीमागे, कंबर ताठ, गुडघे वाकलेले, आणि श्वास सोडत उठायचं. पलंगावरून खुर्चीवर, खुर्चीवरून न्हाणीत, परत पलंगावर. दादाचं वजन शहात्तर किलो. मधल्या वेळी त्याची बायको दर दोन तासांनी दादाची कूस बदलायची. ते तिला जमायचं. उचलणं तिच्या आवाक्यातलं नव्हतं. अशा माणसाच्या अंगावर एकाच जागी भार राहिला की कातडी फाटते आणि जखम हाडापर्यंत जाते, हे दवाखान्यानं सुरुवातीलाच बजावलं होतं. अठरा वर्षांत दादाच्या पाठीवर एक ओरखडा नव्हता. तपासायला येणारी परिचारिका दर वेळी पाठ बघायची आणि काही न बोलता वहीत लिहायची. तेवढी शाबासकी त्याला पुरत होती.

मग वरचा माणूस काढला. मनुष्यबळाची फेरआखणी असं त्याला नाव होतं. एका चेंबरला एक माणूस पुरे, असं कोणीतरी खुर्चीत बसून ठरवलं. पावआट्यांनी एक पानी अर्ज दिला. त्यात दादाच्या अपघाताची तारीख होती, नियमाचा क्रमांक होता, आणि शेवटी एक वाक्य होतं की वरचा माणूस मिळेपर्यंत मी खोल चेंबरमध्ये उतरणार नाही, वरून जेवढे व्हॉल्व्ह फिरतात तेवढे फिरवीन. उपअभियंता साहेबांनी त्याला बोलावून घेतलं. अर्ज मागे घ्या, असं तीन वेगवेगळ्या तऱ्हांनी सांगून पाहिलं. तो उभा राहिला आणि ऐकून परत आला. अर्ज मागे घेतला नाही.

सतराव्या दिवशी बदलीचा आदेश निघाला.

आता इथं कामाच्या चिठ्ठीबद्दल सांगायला हवं, कारण पुढचं सगळं तिच्यापायी झालं. रोज सकाळी साडेसहाला टपाल वाटणारा शिपाई सायकलवर यायचा आणि त्या दिवशी कुठला व्हॉल्व्ह किती आटे उघडायचा याच्या चिठ्ठ्या द्यायचा. चावीवाल्यानं कार्यालयाच्या प्रतीवर शेरा, वेळ आणि सही करून ती परत द्यायची. बाकीचे ‘मिळाली’ लिहीत. पावआटे ‘मान्य’ लिहायचे. त्यांना काम शिकवलेल्या म्हाताऱ्या मुकादमाची ती शिकवण होती. मुकादम म्हणायचा, मिळाली म्हणजे कागद पोचला. त्याचं काय करणार ते सांग. मान्य लिहिलंस की आटे मोजून फिरले पाहिजेत, मग खाली साप का असेना.

त्या सकाळी शिपायानं तीन चिठ्ठ्या दिल्या आणि चौथा एक घडी घातलेला कागद. पावआट्यांचे हात ओले, चष्मा डब्याच्या पिशवीत, पाण्याची वेळ झालेली. त्यांनी गुडघ्यावर ठेवून चारही कागदांवर लिहिलं: मान्य, सहा पस्तीस, सही. शिपाई सायकल वळवून गेला. चौथा कागद त्यांनी दहाच्या सुट्टीत, दादाला खुर्चीवर बसवून झाल्यावर उघडला. प्रशासकीय कारणास्तव त्यांची बदली धरणावरच्या जलउपसा केंद्रावर झाली होती. बसनं सात तासांची वाट. आठ दिवसांत रुजू व्हायचं होतं.

दादानं तो कागद दोनदा वाचला. मग म्हणाला, “धाकट्या, यावर मान्य लिहिलंस?”

“सवयीनं लिहिलं.”

“अठरा वर्षं मला उचलतोयस, माझ्यावर कधी लिहिलं नाहीस ते.”

दोघं हसले. बायको हसली नाही. ती दादाच्या पलंगाकडे बघत होती, आणि मग तिनं आपल्या हातांकडे बघितलं.

कामगार संघटनेच्या कार्यालयातून त्याला एका वकीलबाईंचा पत्ता मिळाला. बाई बोलायला तुटक, पण कागद शेवटपर्यंत वाचणाऱ्या होत्या. त्यांनी अर्ज, आदेश आणि तारखा एकापुढे एक मांडल्या. बदल्यांच्या ठरलेल्या महिन्यांबाहेरची बदली, तक्रारीनंतर सतरा दिवसांत, त्या जागेवर दुसऱ्या कोणाची मागणी नसताना. ही सूडाची बदली आहे असं न्यायाधिकरणापुढं दाखवता येईल, असं त्यांचं मत पडलं. पहिल्याच तारखेला स्थगिती मिळाली. सात महिने तो जागेवर राहिला आणि दादाला रोज चार वेळा उचलत राहिला. त्या सात महिन्यांत साहेब त्याच्याशी एक शब्द बोलले नाहीत. चिठ्ठ्या मात्र वेळेवर यायच्या, पण वरून फिरणाऱ्या व्हॉल्व्हच्याच.

मग खात्यानं आपलं उत्तर दाखल केलं. त्यात त्याच्या हस्ताक्षरातल्या शेऱ्याची प्रत होती. कर्मचाऱ्यानं बदली लेखी मान्य केली आहे, निषेध नोंदवलेला नाही, नंतर सुचलेली ही तक्रार आहे, असा मुद्दा होता. वकीलबाईंनी त्याला बोलावून विचारलं की तुमच्याकडं या शब्दाचा अर्थ काय. त्यानं चिठ्ठ्यांची पद्धत सांगितली. बाईंनी लगेच पकडलं.

“म्हणजे हा शब्द तुम्ही पोच म्हणून लिहिता. कागद मिळाला, एवढंच.”

तो म्हणाला, “मुकादम तसं म्हणायचा नाही.”

“मुकादम कोर्टात येणार आहे का?”

“वारला.”

“मग झालं.”

प्रतिज्ञापत्र तयार झालं. ‘मान्य’ हा शेरा केवळ कागद मिळाल्याची पोच म्हणून लिहिण्याची अर्जदाराची पद्धत आहे, असं त्यात होतं. बाईंनी पुरावा म्हणून जुन्या चिठ्ठ्या मागितल्या. खात्यानं सव्वा वर्षाआधीच्या सगळ्या रद्दीत घातल्या होत्या, पण उरलेल्या अकराशे चिठ्ठ्यांवरही तोच शब्द होता. बाई खूश झाल्या. त्यानं सही केली. घरी आल्यावर त्यानं ते दादाला सांगितलं, आणि दादा म्हणाला, सही केलीस ना, मग आता तोंड मिटून उभा राहा. जन्मात एकदा अर्धवट काम कर.

शेवटच्या सुनावणीला खोलीत पंधरा-वीस माणसं होती. वर पंखा, खाली कागदांचे गठ्ठे, भिंतीलगत बाक. त्याला वाटलं होतं की वकीलच बोलतील. ते बोललेही. मग न्यायाधिकरणाच्या अध्यक्षांनी चष्मा काढला आणि विचारलं की अर्जदार हजर आहे का. तो उठून पुढं गेला. अध्यक्ष वयस्कर होते, आवाज बरा होता. त्यांनी खात्याच्या वकिलांना थांबवलं आणि स्वतः विचारलं. या अकराशे चिठ्ठ्या तुमच्याच सहीच्या का? हो. प्रत्येकीवर मान्य? हो.

“समजा चिठ्ठीत लिहिलंय, अमुक व्हॉल्व्ह चौदा आटे उघडा. तुम्ही मान्य लिहिलंत. मग तो उघडायचात?”

“उघडायचो.”

“कधी असं झालं का, की मान्य लिहिलंत आणि काम केलं नाहीत?”

वकीलबाईंनी मान वर केली. पावआट्यांना ते दिसलं. त्यांना हेही कळलं की इथं एखादं उदाहरण सांगितलं तर बरं. एखादा दिवस, एखादा व्हॉल्व्ह, विसरलो, नाही जमलं. खोटं सांगायचंसुद्धा नव्हतं, आठवत नाही म्हटलं तरी चाललं असतं. पण प्रश्न कामाचा होता. सव्वीस वर्षांत हा प्रश्न त्यांना कोणीच विचारला नव्हता.

“एकदाही नाही, साहेब,” ते म्हणाले. “पाव आटासुद्धा चुकला नाही.”

अध्यक्षांनी ते लिहून घेतलं.

बाहेरच्या व्हरांड्यात वकीलबाई बराच वेळ फायलीची दोरी बांधत राहिल्या. शेवटी त्यांनी एवढंच विचारलं, “हे सांगायलाच हवं होतं का?”

“त्यांनी विचारलं,” तो म्हणाला.

निकाल बारा दिवसांनी आला. अर्जदारानं आदेशावर स्वहस्ताक्षरात मान्य असा शेरा नोंदवला आहे, आणि या शेऱ्याचा अर्थ त्याच्या लेखी काय आहे हे त्यानं स्वतःच न्यायाधिकरणापुढं निःसंदिग्धपणे सांगितलं आहे, असं त्यात होतं. प्रतिज्ञापत्रातलं म्हणणं त्याच्याशी विसंगत म्हणून फेटाळलं होतं. कौटुंबिक अडचणीबद्दल सहानुभूती होती. कामाच्या ठिकाणच्या सुरक्षिततेबाबत खात्यानं उचित विचार करावा, असं एक वाक्य शेवटून दुसरं होतं. खात्यानं विचार केला आणि प्रत्येक खोल चेंबरशेजारी ‘सावधान’ अशी पाटी लावली. वकीलबाईंनी वरच्या न्यायालयात अपील घातलं. तिथली तारीख कधी लागेल ते त्यांनाही सांगता येईना. स्थगिती उठली होती. रुजू व्हायला आठ दिवस होते.

त्या आठ दिवसांत त्यानं जे केलं ते कोणीही नीट बघितलं असतं तर त्याला खात्यात मुकादम केलं असतं. भांडारात जाऊन त्यानं चेंबरचा जुना दोर मागितला. भांडारपाल म्हणाला, ने बाबा, वरचा माणूसच नाही तर इथं तो कोणाला बांधू, फाशी घ्यायला ठेवू का. दोराबरोबर दोन-दोन चाकांच्या दोन कप्प्याही त्यानं मोडीतून काढून दिल्या. पावआट्यांनी छताच्या लोखंडी तुळईला पलंगाच्या कडेच्या बरोबर वर आकडा बसवला. आधी स्वतः लोंबकळून बघितलं, मग आपल्या अंगावर सिमेंटचं पोतं घेऊन. जाड ताडपत्रीची झोळी शिवली, कडा तीनदा दुमडल्या, आतून जुनी चादर लावली, म्हणजे कातडीला टोचणार नाही. शहात्तर किलो चार दोरांवर वाटले गेले की बायकोच्या हाताला वीस-बावीस किलो यायचे. तेवढं ती ओढू शकत होती. पाण्याची घागर तिनं जन्मभर उचलली होती.

त्यानं तिला शिकवलं. हातावर हात टाकत ओढ, झटका देऊ नकोस. वर आला की दोर खुंटीला दोन वेढे. मग खुर्ची खाली सरकव. मग वेढे सोड, पण हात दोरावरच. दादा झोळीत अधांतरी तरंगत म्हणाला, आता मी पण खात्याचा माल झालो, एक आवक नोंद करून टाका. ती दोर ओढताना मोठ्यानं मोजायची. आठ ओढींत दादा पलंगापासून सुटायचा, चौदाव्याला खुर्चीच्या उंचीवर. तिनं तीस वेळा करून बघितलं. तिसाव्या वेळी त्यानं हात मागे बांधून नुसतं बघितलं. जमलं.

तो गेला. धरणावरचं काम हलकं होतं. मोठे दरवाजे, मोटारवर चालणारे, आणि आणीबाणीसाठी हाताचं चाक. माणसं चांगली होती. राहायला एक खोली होती. दर पंधरा दिवसांनी तो साप्ताहिक सुट्टीला एक रजा जोडून घरी यायचा, सात तास बसनं, आणि आल्या आल्या दादाची पाठ बघायचा.

पहिले दोन महिने पाठ स्वच्छ होती. तिसऱ्यात माकडहाडापाशी नाण्याएवढी लाली दिसली. बोटानं दाबली तर पांढरी पडत नव्हती, म्हणजे कातडी आतून दुखावली होती. त्यानं बायकोला सगळं पुन्हा करून दाखवायला सांगितलं. तिनं केलं, जसं शिकवलं होतं तसंच. आणि तेव्हा त्याला ते दिसलं. दोर ओढायला ती पलंगाच्या डोक्याशी उभी राहायची. झोळी वर जाताना पायाकडं झुकायची, आणि सुटण्याआधी दादाचं माकडहाड गादीच्या कडेवर घासत जायचं. वीतभर. तो शिकवत होता तेव्हा तो दुसऱ्या बाजूला उभा होता आणि नकळत झोळीला हात लावून ती सरळ धरत होता. तिसाव्या वेळी हात मागे होते, पण तेव्हा त्याचं लक्ष तिच्या हातांवर आणि दोरावर होतं. खाली बघायला कोणी नव्हतं. एक दोरावर, एक अंगापाशी. दोन माणसांचं काम त्यानं एका माणसाला शिकवलं होतं.

हे तो कोणालाच बोलला नाही. झोळीला पायाकडून एक आडवी दोरी बांधून त्यानं ती खिडकीच्या गजाला ताणली. थोडा फरक पडला. शेजारची बाई दुपारचं एकदा येऊन हात लावायची, मग तिच्या सुनेचं बाळंतपण आलं. लाली फुटली. परिचारिका आली, पाठ बघितली, आणि या वेळी बोलली. जखम आत गेली आहे, म्हणाली.

त्यानं रजेचा अर्ज केला. धरणावरच्या साहेबांनी शिफारस करून वर पाठवला. वरून उत्तर यायला एकोणीस दिवस लागले: पंधरा दिवस मंजूर. तोवर दादा दवाखान्यात होता आणि ताप उतरत नव्हता. बायकोचा उजवा खांदा वर जात नव्हता. तिनं ते सांगितलं नव्हतं, हातानं केस विंचरता येत नाहीत हे त्याला दिसलं तेव्हा कळलं. ती म्हणाली, “अहो, मी मोजूनच ओढत होते. एकदासुद्धा झटका दिला नाही.”

“मला माहीत आहे,” तो म्हणाला.

दादा शेवटचे चार दिवस अर्धवट भानात होता. एकदा त्यानं डोळे उघडले आणि विचारलं की वर कोण आहे. त्याला तो बाजारातला चेंबर दिसत असावा. पावआट्यांनी वाकून सांगितलं, “मी आहे, दादा.” दादानं बरं म्हटल्यासारखी मान हलवली. “ओढ मग,” म्हणाला. दुसऱ्या दिवशी सकाळी गेला.

दवाखान्यातली दोन माणसं स्ट्रेचर घेऊन आली. पावआट्यांनी दोघांनाही थांबवलं आणि दादाला स्वतः उचललं. एक हात गुडघ्यांखाली, एक पाठीमागे, कंबर ताठ. श्वास सोडत उठायची गरजच पडली नाही. अंगात पन्नास किलोसुद्धा उरले नव्हते.

रजेचे सहा दिवस बाकी असताना वकीलबाईंचा फोन आला. अपील दाखल करून घेतलं गेलं होतं, चांगली गोष्ट होती. त्यांना घरचं कळलं नव्हतं. त्यानं ते सांगितलं. मग त्या जपून म्हणाल्या की कौटुंबिक अडचणीचा मुद्दा आता राहणार नाही, पण वरच्या माणसाचा मुद्दा राहतो, तुम्ही म्हणाल तर चालवू. तो चालवा म्हणाला. त्याच्या जुन्या जागेवर आता कोण उतरतं, ते त्याला ठाऊक होतं. दोन मुलींचा बाप होता, आणि त्याला शाळेमागच्या व्हॉल्व्हचा नववा आटा कोणी सांगितलेला नव्हता. जाण्याआधी पावआटे त्याला जाऊन भेटले आणि एकतीसही व्हॉल्व्ह पायी फिरून दाखवले. त्यात सबंध दिवस गेला.

छताचा आकडा त्यानं काढला नाही. बायको म्हणाली, काढा, दिसतो. तो म्हणाला, पक्का बसलाय, काढला तर तुळईला भोक राहील. दोर मात्र गुंडाळून पिशवीत घातला आणि धरणावर घेऊन गेला.

रुजू झाला त्या सकाळी चिठ्ठी आली. दोन नंबरचा दरवाजा, मोटार बंद, हाताच्या चाकानं साठ आटे. त्यानं प्रतीवर वेळ लिहिली, सही केली आणि शेऱ्याची जागा कोरी ठेवली. मग जाऊन चाक फिरवलं. एक तास दहा मिनिटं लागली. साठ पूर्ण झाले तेव्हा पाव आटा मागे घेतला आणि घाम पुसून परत आला.

कारकून कागद हातात धरून उभा होता. शेरा राहिला म्हणाला, काहीतरी लिहावं लागेल.

“दरवाजा उघडलाय,” पावआटे म्हणाले. “बघून या आणि काय दिसतं ते तुम्हीच लिहा.”